टाळ का चुकला?

प्रश्न : मी मिरजेत राहतो. वय ३४. बाराव्या वर्षी तबला शिकायला लागलो. पुढे विशारद झालो, बी. ए.ही केलं. गेली दहा-अकरा वर्षं तबल्यावरच घर चालतं : संध्याकाळचे क्लास, गायकांची साथ, नाट्यसंगीताचे कार्यक्रम, हंगामात भजन-कीर्तन. पत्नी शाळेत शिक्षिका आहे, तिचा पगार असल्यामुळे निभतं. मुलगी पाच वर्षांची. तीन वर्षांपूर्वी क्लासच्या मुलांचे व्हिडिओ करायला म्हणून मित्राचा जुना कॅमेरा घेतला, आणि आता डोक्यात दुसरं काही राहत नाही. मला सिनेमॅटोग्राफर व्हायचंय. खरं सांगायचं तर मागे बसून बसून कंटाळलो. कार्यक्रमाच्या जाहिरातीत माझं नाव सगळ्यात खाली, कधी कधी तेही नाही. गेल्या कार्तिकात देवळात काकड्याला गेलो होतो. पखवाजवाले आजोबा डाव्या तोंडाला कणीक लावत होते आणि दारातून उन्हाची तिरीप नेमकी त्यांच्या हातावर आली. मी टाळ धरला होता. बावीस वर्षांत पहिल्यांदा माझा टाळ चुकला. गुरुजींना (वय ७६) अजून काही बोललेलो नाही. वडील म्हणतात, बावीस वर्षांची मेहनत कृष्णेत सोडणार का? चांगला कॅमेरा घ्यायला कर्ज काढायचा विचार आहे. पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट या वयात जमेल का? कुणी वादक असा कॅमेऱ्याकडे गेलाय का? की मला उशीर झाला?
– एक तबलजी, मिरज

स. न. वि. वि.

सही ‘एक तबलजी’ अशी आहे. तबलावादक हा शब्द तुम्हाला ठाऊक नाही, असं होणार नाही. तबलजी म्हणवून घेण्यातला सल तुमच्या आधीच्या पिढ्यांनी पुष्कळ सोसला आणि त्या शब्दातून बाहेर पडायला त्यांना आयुष्यं घालवावी लागली. तो तुम्ही स्वतःहून अंगावर ओढून घेतलात, तेव्हा दुखणं किती खोल आहे ते कळलं.

तुमच्या पत्रात कॅमेऱ्याकडे जाण्याची दोन कारणं आहेत. ती शेजारी शेजारी लिहिली असली तरी एकमेकांची कुणी लागत नाहीत. पहिलं, मागे बसून कंटाळलो, नाव खाली येतं. दुसरं, टाळ चुकला. पहिल्या कारणासाठी निघाला असाल, तर निघू नका. मी पंचवीस वर्षं कॅमेरा खात्यात आहे आणि आमचं काम पहिल्यापासून शेवटपर्यंत साथीचं आहे. गाणं दिग्दर्शकाचं असतं. आम्ही त्याचा ठेका धरतो. चित्रपट सुटल्यावर जिना उतरणारी माणसं नटाबद्दल बोलतात, गाण्याबद्दल बोलतात, फार तर ‘फोटोग्राफी छान होती’ म्हणतात. फोटोग्राफी कुणाची, हे शंभरातल्या दोघांना ठाऊक असतं. जाहिरातीतल्या खालच्या ओळीतून उठून पोस्टरवरच्या खालच्या ओळीत जाऊन बसायला इतका मोठा खटाटोप कशाला? त्या दुखण्यावर औषध वेगळं आहे. पुढच्या कार्यक्रमाचं बोलणं ठरवतानाच आयोजकांना स्पष्ट सांगा की जाहिरातीत माझं नाव हवं. दोन आयोजक नाराज होतील. होऊ देत.

दुसऱ्या कारणाबद्दल मात्र मला खूप बोलायचं आहे. ज्याचा टाळ बावीस वर्षांत चुकला नाही, त्याचा तो एका हातावर पडलेल्या उन्हानं चुकावा, ही साधी गोष्ट नाही. तिथे नावाचा, पैशाचा, कंटाळ्याचा काही संबंध नव्हता. तुम्ही कणीक पाहिलीत, हात पाहिलात, ऊन कुठून आलं ते पाहिलंत, आणि वर्षभरानंतर मला लिहून कळवलंत. माझ्याकडे शिकायला येणारी मुलं कॅमेऱ्यांची मॉडेलं घडाघडा सांगतात. ‘काल पाहिलेला एक उजेड सांग’ म्हटलं की गप्प होतात. तुम्ही न विचारता सांगितलात. म्हणून तुम्हाला परावृत्त करायला मी हे पत्र लिहीत नाहीये.

वडिलांच्या प्रश्नाचं उत्तर आधी देते, कारण ते तुम्हाला स्वतःसाठीही लागणार आहे. बावीस वर्षं कृष्णेत जात नाहीत. विलंबित एकतालात गायक बढत करत, राग हळूहळू उलगडत असताना तुम्ही काय करता? बारा मात्रांचा ठेका स्वच्छ धरता आणि हात आवरता. प्रत्येक मात्रेत काहीतरी भरणारा तबलावादक गायकाला नकोसा होतो. प्रत्येक वाक्याला हलणारा कॅमेरा नटाला आणि प्रेक्षकाला असाच नकोसा होतो. आणि नट खुर्चीतून उठणार, हे तो उठायच्या आधी त्याच्या श्वासावरून कॅमेरा चालवणाऱ्याला कळावं लागतं. उठल्यावर कळलं तर चौकट त्याच्यामागे धावत सुटते. गायक समेकडे, आवर्तनाच्या पहिल्या मात्रेकडे, निघाला हे तुम्ही कशावरून ओळखता? त्याच जागेवरून हेही ओळखाल. ट्रॉलीवरचा कॅमेरा किती वेळात कुठे पोचायचा, ही तर निव्वळ लय आहे. मी चांगल्या चांगल्या हुशार मुलांना ती शिकवू शकलेले नाही. बाकी सगळं शिकवता येतं.

बाकी सगळं म्हणजे उजेड. तिथे तुम्ही आज ‘धा’ कसा वाजवायचा ते शिकायला बसलेल्या मुलाच्या जागी आहात, आणि हे तुम्हाला जड जाईल. लेन्सवरचे आकडे बघा : १.४, २, २.८, ४, ५.६, ८, ११, १६. एकेक आकडा पुढे गेलं की आत येणारा उजेड निम्मा होतो. तुमच्या दुगुन-चौगुनीचंच गणित आहे, पाठ व्हायला दोन दिवस पुरतील. पण नुसत्या डोळ्यांनी चेहऱ्याची उजळ बाजू आणि सावलीची बाजू यांतला फरक दुप्पट आहे की चौपट, हे ओळखायला वर्षं लागतात. तबल्यातले कायदे आणि पलटे घोटल्याशिवाय हातात बसत नाहीत, तसंच हे. त्याची तालीम फुकट आहे. घरातली एक खिडकी धरा. तिच्याजवळ मुलीला, आईला, कुणालाही बसवा. सकाळी सात, दुपारी बारा, संध्याकाळी पाच, असं पंधरा दिवस तेच माणूस, तीच जागा. मग माणूस खिडकीपासून एक हातावर, दोन हातांवर, चार हातांवर. वहीत लिहा : उजेड कुठून आला, नाकाची सावली कुठे पडली, डोळ्यांत खिडकी दिसली का. देवळात किंवा मंगल कार्यालयात ट्यूबलाइटखाली चित्रीकरण करताना पडद्यावर काळे पट्टे सरकताना दिसले असतील. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची आहे, शटर सेकंदाच्या पन्नासाव्या भागावर ठेवलं की ते थांबतात. असलं सगळं कुणीही सांगेल. खिडकीचा रियाज मात्र तुमचा तुम्हालाच करावा लागेल.

वादक कॅमेऱ्याकडे गेलेत का, असं विचारलंत. गेलेत, आणि कसे! सुब्रत मित्र सतार वाजवत. सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’चं छायाचित्रण त्यांनी केलं तेव्हा ते विशीत होते आणि त्याआधी त्यांनी चित्रपटाचा कॅमेरा चालवलेला नव्हता. त्याच चित्रपटात थोडी सतारही त्यांनीच वाजवली आहे. पुढच्या ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचा चौक स्टुडिओत उभारावा लागला. चौकात आकाशातून उतरतो तसा, कडक सावली न पाडणारा मऊ उजेड हवा होता, आणि स्टुडिओतले दिवे तर थेट मारा करणारे. सुब्रत मित्र यांनी सेटवर पांढरं कापड ताणून बांधलं आणि दिवे त्या कापडावर मारून उजेड खाली उतरवला. हे १९५६ सालचं. आज कुठल्याही सेटवर थर्माकोलवर दिवा मारला जातो, ती आपल्याकडे त्यांनी पाडलेली वाट आहे. मिरजेत चौकाचे वाडे अजून शिल्लक आहेत. एखाद्यात जाऊन दुपारचा उजेड बघा, मग मांजरपाटाचं कापड बांधून बघा.

दुसरे व्ही. के. मूर्ती. ते व्हायोलिन वाजवायचे. गुरुदत्तांच्या १९५९च्या ‘कागज के फूल’ या सिनेमास्कोप, म्हणजे रुंद पडद्याच्या चित्रपटात रिकाम्या स्टुडिओत वरून उतरणारा तो उन्हाचा झोत मूर्तींनी आरशांवरून ऊन आत वळवून आणला. दादासाहेब फाळके पुरस्कार मिळालेले ते पहिले छायाचित्रकार.

पण ही नावं सांगून तुम्हाला भरीला घालायचं नाहीये. मित्र आणि मूर्ती दोघंही तरुणपणीच कॅमेऱ्यापाशी पोचले होते. चौतिसाव्या वर्षी, पाच वर्षांची मुलगी घरात असताना काय करावं, हे त्यांच्याकडून शिकता येणार नाही.

तुमच्या भागातलीच एक गोष्ट मला जास्त जवळची वाटते. कुरुंदवाडच्या एका कीर्तनकाराच्या मुलाचे डोळे लहानपणी फटाक्यानं अधू झाले. शिक्षण पुढे जाईना, म्हणून त्याला मिरजेत बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे गाणं शिकायला ठेवलं. तो मुलगा म्हणजे विष्णु दिगंबर पलुस्कर. ज्या गावात डोळ्याकडून कानाकडे इतका मोठा प्रवास झाला, त्याच गावातून तुम्ही कानाकडून डोळ्याकडे निघालात. त्यांच्यावर तो प्रवास लादला गेला होता. तुमच्यावर कुणी लादलेला नाही, म्हणून तुम्हाला त्याची जबाबदारीही जास्त घ्यावी लागेल.

आता व्यवहार. कर्ज काढून कॅमेरा घेऊ नका. हे मी जितक्या जोरानं लिहिता येईल तितक्या जोरानं लिहिते आहे. मोठ्या कामांचा कॅमेरा भाड्यानं येतो, त्याच्याबरोबर भाड्याच्या कंपनीचा अटेंडंट येतो, आणि सिनेमॅटोग्राफरला बोलावतात ते त्याच्या नजरेसाठी. तुम्ही घेतलेलं मॉडेल हप्ते फिटायच्या आत जुनं झालेलं असेल. मग ते हप्ते फेडायला लग्नं शूट करत बसाल. लग्नाचं काम कमी प्रतीचं नाही, पण तुम्ही त्यासाठी निघालेला नाही. मित्राचा जुना कॅमेरा पुढची दोन वर्षं पुरेल. एक बरा ट्रायपॉड, ५० मिलिमीटरची एक लेन्स आणि थर्माकोलच्या दोन शीट एवढं घ्या.

पुण्याची इन्स्टिट्यूट १९६० साली प्रभात फिल्म कंपनीच्या जागेत सुरू झाली, आणि तिथे शिकायला मिळणं ही भाग्याची गोष्ट आहे. सिनेमॅटोग्राफीचा मुख्य अभ्यासक्रम तीन वर्षांचा आहे. त्याला पदवी लागते, ती तुमच्याकडे आहे. परीक्षेला देशभरातून मुलं बसतात आणि जागा फार थोड्या. अडचण वयाची नाही. तीन वर्षं पुण्यात राहायचं म्हणजे तीन वर्षं क्लास बंद, आणि तुमच्या पत्रावरून ते घराला झेपेल असं मला वाटत नाही. तिथे काही आठवड्यांचे लघु अभ्यासक्रमही होतात. तुमच्या जागी मी असते तर त्यातला एक केला असता आणि थेट सेटची वाट धरली असती.

सेटसाठी लगेच मुंबईही गाठायला नको. कोल्हापूर तुमच्यापासून पन्नासएक किलोमीटरवर. बाबूराव आणि आनंदराव पेंटर नाटक कंपन्यांचे पडदे रंगवायचे. तिथून निघून बाबूरावांनी १९१८च्या सुमाराला स्वतःचा चित्रपटाचा कॅमेरा घडवला, तो त्याच गावात. आज तिथे चित्रनगरी आहे, मालिकांचं काम चालतं, सातारा-वाईकडेही चालतं. कॅमेरा खात्यात सगळ्यात खालच्या पायरीवर काम मागा : पेट्या उचलणं, लेन्स पुसून हातात देणं, बॅटऱ्या चार्ज करणं, क्लॅप देणं. तिथून फोकस पुलर, म्हणजे नट हलेल तसा फोकस धरून ठेवणारा, मग कॅमेरा चालवणं, मग कधीतरी छोटं स्वतंत्र काम. बारा तासांची शिफ्ट उभ्यानं काढायची. पैसे दोन-तीन महिन्यांनी हातात पडतात, कधी आणखी उशिरा. तेवीस वर्षांचा मुलगा तुम्हाला ‘ए दादा, पंचाहत्तर आण’ म्हणेल आणि तुम्हाला पंच्याहत्तरची लेन्स धावत आणून द्यावी लागेल. क्लासमध्ये मुलं तुमच्या पाया पडतात. सकाळी हे आणि संध्याकाळी ते, दोन्ही पोटात ठेवता आलं पाहिजे. गंडा बांधलेल्या माणसाला ते जमेल असं मला वाटतं, कारण गुरूच्या घरी पाणी भरणं तुम्हाला माहीत आहे.

सेटवरची एक गोष्ट मात्र मैफलीसारखी नाही. मैफलीत सम हुकली तर पुढच्या आवर्तनात सावरता येतं, समोरच्या दहा जणांनाच कळलेलं असतं. माझ्या दुसऱ्याच चित्रपटात मी फोकसवर होते. एका ज्येष्ठ अभिनेत्रीचा रडण्याचा प्रसंग होता आणि तिनं तो एका दमात असा केला की सेटवर कुणी हललं नाही. मधले तीन सेकंद माझा फोकस तिच्या डोळ्यांवरून सुटून मागच्या भिंतीवर गेला होता. तेव्हा फिल्मवर काम चालायचं. गप्प बसले असते तर लॅबमधून रिळं धुऊन येईपर्यंत कुणालाच कळलं नसतं. मी हात वर केला आणि सांगितलं. बाई काही बोलल्या नाहीत, पुन्हा उभ्या राहिल्या. दुसऱ्यांदा ते तसं झालं नाही. आजही तो प्रसंग मला बघवत नाही. चूक झाली की त्याच क्षणी सगळ्यांसमोर सांगायची, हे आमच्या खात्यातलं पहिलं इमान आहे. सावरून घेण्याची तुमची सवय तिथे आडवी येईल, म्हणून आधीच लिहून ठेवते.

आणि बोटं सांभाळा. दिव्यांना हात लावताना चामड्याचे हातमोजे घाला, कुणी हसलं तरी घाला. एलईडी आले तरी जुने तापणारे दिवे अजून सेटवर असतात, आणि पेटीच्या झाकणात सापडलेलं बोटही महिनाभर तबल्याच्या चाटीवर पडत नाही. तबला तुम्हाला सोडायचा नाहीये. निदान दोन वर्षं क्लास बंद करू नका. आठवड्यातले तीन दिवस क्लास, बाकीचे दिवस काम मिळेल तसं. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला पडल्याशिवाय यात बदल करू नका. एक काम तर उद्यापासूनही होईल. मैफलींचं चित्रीकरण आपल्याकडे इतकं निष्काळजीपणे होतं की बघताना जीव तुटतो : तिहाई, तीनदा वाजवून समेवर येणारा तुकडा, संपते आणि मग कॅमेरा तबल्यावर येतो. तिहाई कुठून उठणार आणि कुठे पडणार हे तुम्हाला आधीच माहीत असतं. मिरजेच्या मीरासाहेब दर्ग्यात गायक अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ दरवर्षी गाणं होतं, तुम्ही लहानपणापासून ऐकत आला असाल. आयोजकांची परवानगी काढा आणि एका कोपऱ्यातून, कुणाच्याही नजरेआड न येता, एकाच कॅमेऱ्यानं एक पूर्ण ख्याल चित्रित करा. एकदाही न तोडता. तो तुकडा तुमची ओळख म्हणून कुणालाही दाखवता येईल.

आता जे पत्रात नाही त्याबद्दल. तुमच्या पत्रात गुरुजी आहेत, वडील आहेत, पखवाजवाले आजोबासुद्धा आहेत. पत्नीचा फक्त पगार आहे. त्यांना काय वाटतं, याची एक ओळ नाही. तुम्ही रात्री दोनला कोल्हापूरहून परत याल तेव्हा मुलीला सकाळी शाळेत कोण सोडणार? पैसे तीन महिने लांबले तर किराणा कुणाच्या पगारातून येणार? हे सगळं त्या करतीलही, पुष्कळ बायका न विचारता करतात, आणि नंतर त्याला ‘घरच्यांचा पाठिंबा’ असं नाव मिळतं. तुम्ही विचारा. कर्जाचं, इन्स्टिट्यूटचं, माझ्या या पत्राचंही नंतर. आधी त्यांच्यासमोर बसा, काकड्याच्या दिवशी काय झालं ते जसं मला लिहिलंत तसंच सांगा, आणि मग त्यांचं म्हणणं मधे न बोलता ऐका. त्यांनी दोन वर्षं थांबायला सांगितलं तर थांबा. खिडकीचा रियाज तेव्हाही चालू ठेवता येतो.

गुरुजींकडे या आठवड्यातच जा. मिरज लहान आहे, दुसऱ्या कुणाकडून कळलं तर त्यांना ते लागेल, आणि शहात्तराव्या वर्षी लागलेलं लवकर भरून येत नाही. कॅमेरा बरोबर नेऊ नका. परवानगी मागायला जाऊ नका, कारण ती नाकारायची वेळ तुम्ही त्यांच्यावर आणू नये. तबला सोडत नाही, हे आधी सांगा. मग दुसरं काय शिकतोय ते सांगा. ते रागावले तर रागावू द्या, उत्तर देऊ नका, आणि पुढच्या आठवड्यात नेहमीच्या वेळी पुन्हा जाऊन बसा. जमलं तर काही महिन्यांनी त्यांचा रियाज चित्रित करायला परवानगी विचारा. त्यांच्या हातातलं सगळं त्यांच्याबरोबर जाऊ नये, असं तुम्हालाही वाटत असेलच.

उशीर झाला का, या प्रश्नाला माझ्याकडे हो किंवा नाही असं उत्तर नाही. कोजागरीला काकडा पुन्हा सुरू होईल आणि कार्तिकी पौर्णिमेपर्यंत चालेल. पखवाजवाल्या आजोबांना आधी भेटून विचारा. त्यांनी होकार दिला तर महिनाभर रोज पहाटे त्याच जागी कॅमेरा लावा. त्या महिन्यात सूर्योदय दहाएक मिनिटांनी पुढे जाईल आणि दारातून येणारी तिरीप रोज थोडी सरकत राहील. एखाद्या दिवशी हातावर पडेल, एखाद्या दिवशी कणकेच्या ताटलीवर, ढग असले तर कुठेच नाही. त्या तीसातले तुम्हाला पटलेले पाच तुकडे मला पाठवा, आणि उरलेले पंचवीस का नाही पटले ते कागदावर लिहून पाठवा. मला ते पंचवीस जास्त वाचायचे आहेत. टाळ तेवढा महिनाभर दुसऱ्या कुणाच्या हातात द्या.